थांबलेल्या क्षणाचा हिशेब

मराठीत विज्ञानकथा लिहिणाऱ्या आणि दिवाळी अंकांत त्या छापणाऱ्या सर्वांस,



हे पत्र एकाच प्रकारच्या कथेबद्दल आहे. अचानक काळ थांबतो. रस्त्यावरची माणसं उचललेल्या पावलानिशी तशीच थिजतात, नळाची धार हवेत अडकते आणि नायक एकटाच मोकळा फिरत राहतो. मी कनिष्ठ महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवते. काळाबद्दलचे सगळ्यांत चांगले प्रश्न मला अशा कथा वाचून आलेल्या मुलांनीच विचारले आहेत. म्हणूनच बोलावंसं वाटतं. बहुतेक कथांत पहिल्या पानावर काळ थांबतो, दुसऱ्या पानावर नायक बँकेत शिरतो किंवा जुना सूड उगवतो आणि शेवटी कुणाच्या तरी हाकेने त्याला जाग येते. थांबलेल्या जगात त्याला दिसतं कसं, तो श्वास कसा घेतो, हे कुणी विचारलेलंच नसतं.

विचारून बघा, कथा तिथेच सुरू होते. काळ खरोखर थांबला तर प्रकाशही थांबेल. नायक जागच्या जागी उभा राहिला की त्याच्या डोळ्यांत नवा प्रकाश शिरणार नाही, म्हणजे अंधार. हवेचे रेणू जिथल्या तिथे खिळले तर त्याच्याभोवतीची हवाच भिंत होईल. बरं, काळ पूर्ण थांबवू नका, नायकाला जगाच्या हजारपट वेगवान करा. तरी ज्या प्रकाशात आपण पाहतो त्याच्या लहरी त्याच्या दृष्टीने हजारपट संथ होतील आणि अवरक्त किरणांच्याही पार, सूक्ष्मलहरींच्या सीमेवर जाऊन पोचतील. त्याच्या डोळ्यांना जाणवतील ते क्ष-किरण, आणि ते भर रस्त्यात असतात किती! शिवाय सहज चालतानाही तो सेकंदाला हजार मीटरहून जास्त अंतर कापेल, म्हणजे ध्वनीच्या तिप्पट-चौपट वेगाने. हवेच्या घर्षणाने त्याचे कपडे पेट घेतील.

हे शेवटचं एच. जी. वेल्सना 1901 सालीच सुचलं होतं. ‘द न्यू ॲक्सिलरेटर’ या त्यांच्या कथेत प्रोफेसर गिबर्नचं औषध घेऊन दोघे जण इंग्लंडमधल्या फोकस्टनच्या समुद्रकाठी फिरतात. भोवतालचं जग जवळजवळ थिजलेलं, एक मधमाशी अगदी संथ पंख हलवत हवेत तरंगते आहे, आणि धावता धावता गिबर्नची विजार करपू लागते. प्रकाशाचा प्रश्न त्यांनी सोडून दिला, पण एक किंमत तरी चुकती केली. त्या करपलेल्या कापडामुळे वाचकाचा विश्वास बसतो.

याचा अर्थ प्रत्येक कथेत समीकरण हवं असा नाही. अर्जेंटिनाचे लेखक बोर्हेस यांच्या 1943 सालच्या ‘गुप्त चमत्कार’ या कथेत विज्ञान अजिबात नाही. 1939 सालच्या प्रागमध्ये ह्लाडिक हा लेखक नाझींच्या बंदुकांसमोर उभा आहे. अपुरं नाटक पुरं करायला त्याने देवाकडे एक वर्ष मागितलेलं असतं. जग थांबतं, पण त्याचं शरीरही थांबतं. चालतं ते फक्त मन. कागद नाही, लेखणी नाही, सगळं नाटक स्मरणात रचायचं. इथेही एक मधमाशी आहे, तिची सावली अंगणातल्या फरशीवर हलेनाशी होते. वर्ष संपतं, गोळ्या सुटतात. देवाने दिलेल्या सवलतीलाही बोर्हेसनी नियम लावला आणि तो शेवटपर्यंत पाळला. मला ही या प्रकारातली सर्वांत मोठी कथा वाटते.

थांबलेल्या क्षणाची किंमत मोजावी लागते, ही जाण आपल्याकडे तर फार जुनी आहे. भागवतातला ककुद्मी राजा आपली मुलगी रेवती हिच्यासाठी वर विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तिथे गंधर्वांचं गायन चाललेलं असतं, म्हणून तो क्षणभर थांबतो. तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटतात. मनात योजलेले सगळे वर तर गेलेच, त्यांच्या नातवा-पणतवांचं नावही उरलेलं नसतं. रेवतीचं बलरामाशी लग्न होतं हे आपल्याला ठाऊक असतं, पण त्या बापलेकींनी एका गाण्यापायी काय गमावलं यावर आजच्या लेखकाला केवढं लिहिता येईल!

आणि गोठलेला क्षण ही निव्वळ कल्पनाही नाही. कृष्णविवराकडे पडणारी वस्तू दुरून पाहणाऱ्याला मंद मंद होत, लाल आणि फिकी पडत जाताना दिसेल. घटनाक्षितिज, म्हणजे कृष्णविवराची सीमा, तिने ओलांडलेलं त्याला कधीच दिसणार नाही. म्हणूनच कोसळून कृष्णविवर होणाऱ्या ताऱ्याला सोव्हिएत शास्त्रज्ञ ‘गोठलेला तारा’ म्हणत. पडणाऱ्याचं घड्याळ मात्र त्याच्यापुरतं नेहमीसारखंच चालू असतं. एकाच्या लेखी संपलेलं आयुष्य दुसऱ्याच्या नजरेत कायमचं अडकून राहतं. याहून मोठं दुःख लेखकाला आणखी कुठे मिळणार?

संपादकांनो, तुमची जबाबदारी लेखकाहून कमी नाही. खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकरांनी ‘कृष्णविवर’ ही कथा 1974 साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला नारायण विनायक जगताप या नावाने पाठवली, कारण कथा कथा म्हणूनच तपासली जावी असं त्यांना वाटत होतं. तिला पहिलं बक्षीस मिळालं. आज अनेक नवे लेखक अशी तपासणी मागतात आणि त्यांच्या हाती ‘जागेअभावी साभार परत’ एवढंच पडतं. काहींची कथा न वाचताच छापली जाते, ते तर अधिक वाईट.

माझी मागणी लहान आहे. काळ थांबवणारी कथा हाती आली की छापण्याआधी ती भौतिकशास्त्राच्या एखाद्या शिक्षकाला दाखवा. तुमच्या गावात असा कुणी तरी नक्की असेल आणि तो मानधनही मागणार नाही. प्रकाशाचं काय, हवेचं काय, थिजलेल्या माणसांना नंतर काय आठवतं, नायकाचं वय तेवढ्या काळात वाढलं का, हे प्रश्न समासात लिहून कथा लेखकाकडे परत पाठवा आणि त्याला महिनाभराची मुदत द्या. स्वप्नातून जागं होण्याचा शेवट असेल तर तो बदलून मागा. नव्या लेखकांपैकी पुष्कळ जण अकरावी-बारावीत आहेत. त्यांना अशी उत्तरं शोधायला आवडतात.

आपली,
भौतिकशास्त्राची एक शिक्षिका