कुटुंब पेन्शन अडतं कुठे?

इंदूरच्या मराठी घरांत एक अख्खी पिढी सरकारी नोकरीवर वाढली. शाळाखातं, टपाल, पी.डब्ल्यू.डी. त्यामुळे ‘ते गेले, पण कुटुंब पेन्शन अजून सुरू नाही’ हे आपल्याकडे वरचेवर कानावर येतं. दोष बाबूला दिला जातो, आणि पुष्कळदा तो असतोही. पण एक गाठ आपल्या घरातलीच आहे.

लग्नात आपण मुलीचं आडनावच नव्हे, नावही बदलतो. यजमानांनी सर्व्हिस बुकात लिहिलेलं असतं ‘सौ. सुनीता’. शाळेच्या दाखल्यावर ती कुसुम, पॅन कार्डावर माहेरचं आडनाव, समग्र आयडीत मधलं नाव गायब. इथल्या कार्यालयाच्या लेखी या दोन स्त्रिया. मग तेरावा होतो न होतो तोच ‘दुसरी पत्नी होती का?’ असं त्या बाईलाच विचारलं जातं.

दुसरा घोळ नामनिर्देशनाचा. नोकरी लागली तेव्हा आईचं नाव लिहिलं, लग्नानंतर बदलायचं राहिलं. ग्रॅच्युइटी आणि जी.पी.एफ.ला ते नाव लागतं, म्हणून सासू-सुनेत वाद होतात. कुटुंब पेन्शनचं तसं नाही; त्यावर पहिला हक्क पत्नीचा, नामनिर्देशन काहीही असो. केंद्रीय नियमांत नोकरीत असताना मृत्यू झाला तर पहिली 10 वर्षं शेवटच्या मूळ पगाराच्या 50 टक्के आणि पुढे 30 टक्के मिळतात. कागद पुरे होईपर्यंत तात्पुरतं कुटुंब पेन्शन देण्याचीही सोय आहे. ही सोय बहुतेकांना ठाऊकच नसते.

पण सगळं खापर घरच्यांवर फोडता येणार नाही. राज्याच्या पेन्शनवरचा महागाई दिलासा मागे पडतो तो 2000 साली छत्तीसगड वेगळं झालं म्हणून. खर्चाची वाटणी झाल्यामुळे तिकडची संमती येईपर्यंत इकडे आदेश थांबतो. त्यात विधवेने कुठला कागद द्यायचा?

उशिराबद्दल सर्वोच्च न्यायालयाने 1984 मध्येच केरळ सरकार विरुद्ध पद्मनाभन नायर या खटल्यात स्पष्ट सांगितलं : पेन्शन आणि ग्रॅच्युइटी हे उपकार नव्हेत, आणि सरकारच्या चुकीने उशीर झाला तर बाजारदराने व्याज द्यावं लागेल. प्रकरण निवृत्त कर्मचाऱ्याचं होतं. पैसे अडले होते एका साध्या दाखल्यापायी, शेवटच्या पगाराच्या, जो कोषालयाने वेळेवर पाठवला नाही.

जे अजून नोकरीत आहेत त्यांनी एकदा सर्व्हिस बुक स्वतः उघडून पाहावं. पत्नीची दोन्ही नावं एकाच व्यक्तीची आहेत, असं प्रतिज्ञापत्र देऊन तशी नोंद करून घ्यावी. आणि ज्यांच्या घरी अर्ज आधीच अडकला आहे त्यांनी तोंडी चकरा न मारता लेखी अर्ज द्यावा, आवक क्रमांक घ्यावा, आणि व्याजाची मागणी तारखेसह त्याच अर्जात लिहावी.