निमंत्रणपत्रिकेतील किलबिल

लग्नास यावे, परंतु लहान मुलांना घरी ठेवून यावे, अशी विनंती अलीकडे मराठी घरांतूनही ऐकू येऊ लागली आहे. परदेशांत ती पत्रिकेवर छापण्याची रीत आहे. आपल्याकडे ती सहसा छापली जात नाही. पत्रिका हाती पडल्यावर दूरध्वनीवर किंवा व्हॉट्सॲपवर ती हळूच कळविली जाते. छापील मजकूर एक सांगतो आणि मागाहून आलेला निरोप दुसरेच. आम्ही मराठीचे अध्यापक असल्याने या दोहोंमधील अंतर आम्हांस अधिक जाणवते.

‘सहकुटुंब सहपरिवार’ हा शब्दप्रयोग आज अनेकांना द्विरुक्ती वाटतो. तो तसा नाही. जुन्या मराठीत ‘कुटुंब’ म्हणजे पत्नी. ‘आमचे कुटुंब माहेरी गेले आहे’ या वाक्याचा अर्थ आपल्या आजोबांच्या पिढीला समजावून सांगावा लागत नसे. पत्नीसह या, असे म्हटल्यावर उरतात ती मुले, वडीलधारी आणि आश्रित मंडळी. त्यांच्यासाठी ‘सहपरिवार’ हा दुसरा शब्द आहे. म्हणजे मुलांना बोलाविणारा शब्द पत्रिकेत वेगळा योजलेला आहे, आणि मागाहून येणारा निरोप नेमका तोच शब्द खोडून काढतो.

विसंगती येथेच थांबत नाही. आमच्या राहाता परिसरातील पत्रिकांमध्ये निमंत्रक, व्यवस्थापक, प्रेषक अशा नावांच्या लांबलचक रांगा असतात. अगदी तळाशी ‘किलबिल’ या मथळ्याखाली घरातील बालगोपाळांची नावे येतात आणि त्यांच्या तोंडी ‘आमच्या मामाच्या लग्नाला यायचं हं!’ असे वाक्य घातलेले असते. अक्षरही न फुटलेले तान्हे मूल तेथे यजमान होऊन बोलावीत असते. त्या बोलावण्यावरून जाणाऱ्या पाहुण्याने मात्र आपले मूल घरी ठेवून यावे, ही अपेक्षा कोणत्या न्यायाने करावयाची?

निमंत्रितांची संख्या आवरण्याची गरज नवी नाही, आणि तिच्यासाठी ग्रामीण मराठीने शब्दही घडविलेले आहेत. ऐपत बेताची असेल तर ‘घरटी एक’ असे आवतण दिले जाई. हात सढळ असेल तर ‘चूलबंद’ आवतण, म्हणजे त्या दिवशी निमंत्रिताच्या घरी चूल पेटवावयाची नाही, लहानथोर सर्वांनी पंगतीस यावयाचे. दोन्ही आवतणांत मोजणी घराची किंवा चुलीची आहे, वयाची नाही. ‘घरटी एक’ म्हटल्यावर कोणी यावे हे ते घर ठरवी. म्हातारे आजोबा नातवाला पाठवीत, आणि तो नातू त्या घराचा प्रतिनिधी म्हणून पानावर बसे.

मुलाचे स्थान केवळ पंगतीत नव्हते, विधींतही होते आणि आहे. करवलीचा मान बहुधा धाकट्या बहिणीचा असतो. नवऱ्या मुलाचा कान पिळणारा वधूचा भाऊ जितका लहान, तितकी मांडवात मौज अधिक. एके काळी तर मूल बोहल्यावरच उभे असे. रमाबाई रानडे यांचा विवाह 1873 साली झाला तेव्हा त्या अकरा वर्षांच्या होत्या. पुढे ज्यांचे वास्तव्य राहुरी व नगर येथे झाले, त्या ‘स्मृतिचित्रे’कार लक्ष्मीबाई टिळक यांचेही लग्न अकराव्या वर्षीच झाले. 1929 च्या शारदा कायद्याने वधूसाठी 14 आणि वरासाठी 18 वर्षांची अट घातली. 1978 मध्ये ती 18 आणि 21 झाली. मुलाला बोहल्यावरून खाली उतरविणे ही सुधारणा होती. त्याला मांडवाबाहेर ठेवण्याशी तिची गल्लत होऊ नये.

यजमानाची बाजूही ऐकून घेतली पाहिजे. मंगल कार्यालये आणि लॉन्स येथे आता ताटामागे पैसे मोजावे लागतात. कर्णकर्कश डीजे, उशिरापर्यंत लांबणारे स्वागतसमारंभ, वाहनांची गर्दी यांत लहान मूल सुखी नसते हेही खरे. संख्येचे बंधन लोकांना मुळातच रुचत नाही असेही नाही. एप्रिल 2021 मध्ये राज्य शासनाने विवाहास 25 माणसांची आणि दोन तासांची मर्यादा घातली, तेव्हा न बोलाविल्याचा राग फारसा कोणी धरला नाही. कारण उघड होते आणि नियम सर्वांना सारखा होता. हल्लीच्या निरोपात या दोन्ही गोष्टी नसतात. यजमानांच्या भाच्या-पुतण्यांना मांडव मोकळा असतो आणि बंदी केवळ परक्यांच्या मुलांना असते.

‘आहेर आणू नये’ ही सूचना आपण स्वीकारली, मग ‘मुले आणू नयेत’ ही का नाही, असा युक्तिवाद आमच्या कानी आला आहे. वाक्यरचना सारखी असली तरी पहिल्या वाक्यात यजमान स्वतःचा लाभ सोडतो, तर दुसऱ्यात तो आपली अडचण पाहुण्याच्या घरी पाठवितो. ती अडचण त्या घरात कोणाच्या पदरी पडते हे सांगावयास नको. विभक्त कुटुंबात मूल सांभाळावयास आजी नसते, आणि लग्नाच्या दिवशी शेजारीही त्याच लग्नाला गेलेले असतात. मग पती एकटा जाऊन येतो आणि पत्नी मुलाजवळ राहते. ‘मुले नकोत’ हा निरोप प्रत्यक्षात ‘लेकुरवाळी नको’ असा होतो. माहेरच्या गोतावळ्याची गाठ ज्या स्त्रीला लग्नकार्यातच पडते, तिचे यात होणारे नुकसान ताटाच्या किमतीत मोजता येणारे नाही.

आमचे म्हणणे इतकेच की, समारंभ आटोपशीर करावयाचा असेल तर यजमानांनी तो खुशाल करावा. पण मोजणी घराची करावी आणि ती पत्रिकेतच सांगावी. ‘घरटी दोन’ असे स्पष्ट छापल्याने कोणाचा अपमान होत नाही. ते दोघे कोण, हे त्या घराने ठरवावे. वयाचीच अट घालावयाची असेल तर ती आपल्या घरातील मुलांनाही लागू करावी, आणि त्या पत्रिकेतून ‘सहपरिवार’ हा शब्द व तळाची ‘किलबिल’ दोन्ही वगळावीत.