साइटवर जरा हळू पोहोचा

वऱ्हाडात पोहोचणे आता फार सोपे झाले आहे. जून २०२२ मध्ये अमरावती-अकोला दरम्यान राष्ट्रीय महामार्ग ५३ वर ७५ किलोमीटरची डांबरी मार्गिका १०५ तास ३३ मिनिटांत सलग टाकली गेली, तिची गिनीज बुकात नोंद झाली. एप्रिल २०२५ मध्ये अमरावतीच्या बेलोरा विमानतळावरून मुंबईचे विमान सुरू झाले. त्याच वर्षी जूनमध्ये समृद्धी महामार्ग पूर्ण खुला झाला. हे सगळे हवेच होते. मात्र या वेगाचा आपल्या ऑफिस-रचनेच्या कामावर झालेला परिणाम आम्हाला काळजीचा वाटतो. डिझायनर सकाळी येतो, दोन तासांत मापे आणि फोटो घेतो, रात्री घरी असतो. आपल्यापैकी अमरावतीचे लोक अकोल्याची साइट तरी वेगळी कुठे बघतात? एसी गाडीतून उतरायचे ते थेट एसी मीटिंगमध्ये. मग ज्या गावात मे महिन्यात पारा ४५ च्या पुढे जातो, तिथे पश्चिमेला तोंड करून काचेची अख्खी भिंत उभी राहते आणि मालक आयुष्यभर विजेचे बिल भरत बसतो.

याउलट एक हळू वाट घ्या: मूर्तिजापूर ते अचलपूर ही नॅरोगेज, म्हणजे आपली शकुंतला. कापूस मुख्य लोहमार्गापर्यंत आणण्यासाठी किलिक-निक्सन कंपनीने ती बांधली. पुढे तो मुंबई बंदरातून बोटीने मँचेस्टरच्या गिरण्यांकडे जाई. १९९४ पर्यंत तिला वाफेचे इंजिन होते आणि सुमारे ७७ किलोमीटरला तिला चार तास लागत. गाडी गेली काही वर्षे बंद आहे, पण तीच वाट एसटीने करता येते: लाखपुरी, दर्यापूर, अंजनगाव, पथ्रोट. ऑफिसची रचना करणाऱ्याला या वाटेवर जे कळते ते कुठल्याही कॅटलॉगमध्ये नाही. आधी पूर्णेचा खारपाणपट्टा लागतो. इथले बोअरचे पाणी कूलरला लावले की ताट्यांवर मिठाचा थर चढतो, पंप जाम होतो. ड्रॉइंगवर नुसते ‘डक्ट कूलर’ लिहून मोकळे होणाऱ्याने पाणी कुठून येणार हे विचारलेले नसते. खरे तर कोरड्या उन्हाळ्यात कूलरइतके स्वस्त आणि चांगले साधन आपल्याकडे नाही. छतावरचे पावसाचे पाणी साठवून त्यासाठी राखता येते, पण ती टाकी पहिल्या आराखड्यातच यायला हवी. पुढे अंजनगावकडे पानमळे आणि संत्र्याच्या बागा दिसू लागतात, पाणी गोडे होते, आणि तोच कूलर तिथे निमूट चालतो. वाटेत उन्हाने भेगाळलेली काळी माती दिसते. हीच माती पावसात फुगते आणि नव्या ऑफिसातल्या टाइल्स उचलते, पार्टिशनला तडे देते. गावांत अजून काही धाब्याची घरे उभी आहेत. त्यांच्या जाड भिंती आणि छतावरचा मातीचा थर दुपारचे ऊन बराच वेळ आत येऊ देत नाहीत.

सर्वांत मोठा धडा मात्र सोबतच्या प्रवाशांकडून मिळतो. अकोल्यातल्या पतसंस्थेत, वकिलाकडे, बियाण्यांच्या एजन्सीत, चार्टर्ड अकाउंटंटकडे येणारा माणूस याच एसटीने येतो. तो एकटा नसतो. भाऊ किंवा मुलगा बरोबर असतो, हातात कागदांची पिशवी असते, आणि परतीची गाडी धरायची म्हणून तो वेळेच्या खूप आधी पोहोचतो. त्याला दोन-तीन तास बसायचे असते. आपण त्याला काय देतो? काचेच्या दारामागे दोन सोफे, एक कुंडी आणि पाय ठेवायला संकोच वाटावा अशी चकचकीत फरशी. तो चपला बाहेर काढतो आणि जिन्यात उकिडवा बसतो. जुन्या अडत दुकानात गादी-तक्के असत. शेतकरी अडत्यासमोर त्याच उंचीवर बसे. भाव पाडण्याचे उद्योग तिथेही चालत, त्या काळाचे गोडवे आम्हाला गायचे नाहीत. पण बसायची जागा त्याची होती, आणि पाण्याचा माठ हाताशी होता. बाहेर सावलीची ओसरी, भिंतीला लांब बाक, पिशवी ठेवायला कट्टा, चपलांना जागा, आणि आत कोण काय करते ते दिसेल अशी खिडकी: याला फार पैसा लागत नाही. शिवाय आलेल्या माणसाला मानाने बसवले, ही गोष्ट त्या ऑफिसचे नाव गावोगाव नेते.

आत काम करणाऱ्यांचे काय? मोकळ्या हॉलमध्ये सगळ्यांना बसवले की बोलणे वाढते, असे अजूनही ग्राहकाला सांगितले जाते. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या बर्नस्टीन आणि टर्बन यांच्या अभ्यासात दोन कंपन्यांच्या मुख्यालयांत भिंती काढल्यावर समोरासमोरचे बोलणे सुमारे ७० टक्क्यांनी घटलेले आढळले, ई-मेल वाढले. कर्जाचे बोलणे चारचौघांत करायला लागू नये, एवढे तर आपल्याला अभ्यासाशिवायही कळायला हवे.

संथ प्रवास केला की डोळे आपोआप उघडतात असेही नाही. १९३३ साली युरोपातल्या आधुनिक वास्तुरचनाकारांनी मार्सेहून अथेन्सला जाणाऱ्या ‘पात्रिस’ बोटीवर परिषद भरवली आणि ३३ शहरांच्या नकाशांवर चर्चा केली. त्यातून घर, काम, विरंगुळा आणि वाहतूक यांना वेगवेगळ्या कप्प्यांत टाकणारा विचार जगभर पसरला. प्रवास समुद्रावरचा होता, पण मंडळी सगळी एकाच धंद्यातली आणि नकाशे घरूनच आणलेले. याउलट लॉरी बेकर. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात चीनमधून मायदेशी निघालेल्या या तरुण वास्तुरचनाकाराला बोटीसाठी मुंबईत अडकून पडावे लागले. त्या थांबण्यात गांधीजींची भेट झाली, आणि पुढे बेकर भारतात आले ते कायमचेच. जवळपास मिळेल त्याच साहित्यात बांधायचे, हा गांधीजींचा आग्रह त्यांनी आयुष्यभर पाळला. त्या आग्रहाचे रूप पाहायला आपल्याला लांब जावे लागत नाही. बडनेऱ्याहून वर्ध्याची गाडी धरा आणि सेवाग्रामला दुपारी एक ते चार या वेळात बापूंच्या दफ्तरापाशी थांबा. माती, बांबू आणि कौले. देशाचा पत्रव्यवहार सांभाळणारे ऑफिस यात चालत होते. मोजपट्टी बरोबर न्या. छपरी किती पुढे आली आहे, खिडकीची उंची जमिनीवर बसणाऱ्याच्या डोळ्यांशी कशी जुळते, ते मोजा.

पुढचे काम हाती घ्याल तेव्हा पहिल्या भेटीला एसटीने किंवा पॅसेंजरने जा, आणि बैठकीआधी एक पूर्ण दुपार ग्राहकाच्या सध्याच्या ऑफिसात, येणाऱ्यांच्या रांगेत बसा. त्या दिवसाची फीही बिलात स्पष्ट लावा. ग्राहकाला कारण सांगितले तर तो नाही म्हणत नाही, असा आमचा अनुभव आहे. बसण्याच्या जागेचा जो आराखडा त्यातून निघेल तो दिशा, पाण्याचा स्रोत आणि खर्च लिहून आमच्याकडे पाठवा. पुढच्या अंकापासून त्यासाठी दोन पाने राखून ठेवत आहोत.