झोपेची किंमत कोणी ठरविली?

विमान कोसळले की भांडवली वृत्तपत्रांचा मथळा आधीच जुळवून ठेवलेला असतो: 'वैमानिकाची चूक'. कोसळलेले विमान मालवाहू असेल तर तेवढाही मथळा मिळत नाही. आत प्रवासी नव्हते, म्हणजे आत कोणीच नव्हते, असा या मंडळींचा हिशेब असतो. आत दोन कामगार होते, हे त्यांच्या गावीही नसते.

१४ ऑगस्ट २०१३ रोजी पहाटे पावणेपाचच्या सुमारास अमेरिकेच्या अलाबामा राज्यातील बर्मिंगहॅम विमानतळावर उतरू पाहणारे यूपीएस कंपनीचे एअरबस ए-३०० मालवाहू विमान धावपट्टीच्या अलीकडेच झाडांवर आणि विजेच्या तारांवर आदळून चढणीच्या जमिनीवर कोसळले. मुख्य वैमानिक आणि त्याची सहवैमानिक, दोघेही ठार झाले. ९ सप्टेंबर २०१४ रोजी अमेरिकेच्या राष्ट्रीय वाहतूक सुरक्षा मंडळाने आपला निर्णय जाहीर केला. विमान स्थिर गतीने व ठरलेल्या उताराने खाली येत नसतानाही वैमानिकांनी उतरणे चालू ठेवले, उंचीवर लक्ष ठेवले नाही आणि विमान किमान उंचीच्या खाली गेले, हे अपघाताचे संभाव्य कारण ठरले. संगणकात उतरण्याचा मार्ग नीट बसविला नव्हता. मुख्य वैमानिकाने उतरण्याची पद्धत ऐनवेळी बदलली पण तसे सांगितले नाही. किमान उंची आल्याची हाळी सहवैमानिकेने दिली नाही. ही सहकारणे.

हे निष्कर्ष खोटे आहेत असे आमचे म्हणणे नाही. मंडळाचे तपासनीस कसलेले आहेत आणि विमानातील ध्वनिमुद्रण व नोंदी समोर असताना या बाबी नाकारण्यात अर्थ नाही. आमचे भांडण आहे ते सहकारणांच्या यादीतील शेवटच्या ओळीशी. मुख्य वैमानिकाच्या उणिवांमागे थकवा असू शकेल, असे अहवाल म्हणतो. परंतु सहवैमानिकेचा थकवा मात्र तिच्या 'कामाबाहेरील वेळेच्या परिणामशून्य व्यवस्थापना'मुळे झालेल्या अपुऱ्या झोपेतून आणि शरीराच्या घड्याळातून आला, असे तो ठामपणे सांगतो.

हा शब्दप्रयोग मराठीत आणताना प्रस्तुत लेखकाला बराच वेळ अडून राहावे लागले. आपल्या भाषेत माणूस झोपतो, जागतो, त्याला झोप लागत नाही, त्याची झोपमोड होते; पण झोपेचे 'व्यवस्थापन' करणारा माणूस आपल्या भाषेत अद्याप जन्मलेला नाही. गिरणीतील रात्रपाळीचा कामगार दिवसा चाळीच्या गलबल्यात डोळे मिटून पडतो तेव्हा तो कशाचेही व्यवस्थापन करीत नसतो. कामाची वेळ मालकाची आणि विश्रांतीच्या वेळेची जबाबदारी मात्र कामगाराची, ही वाटणी त्या एका शब्दात मुकाट्याने उरकली गेली आहे.

त्या रात्रीची परिस्थिती पाहा. हे दोघे आदल्या संध्याकाळी इलिनॉयमधील रॉकफर्डहून निघाले, पिओरियामार्गे केंटकीतील लुईव्हिल येथे कंपनीच्या मुख्य तळावर आले, तेथील निद्राकक्षात जमेल तेवढे पडले आणि पहाटे पुन्हा निघाले. मानवी शरीर मध्यरात्रीनंतर, विशेषतः २ ते ६ या वेळात, सर्वाधिक मंद असते, हे शास्त्र आता वादातीत आहे. नेमक्या याच वेळात कंपनीचा सारा व्यापार चालतो. संध्याकाळी उचललेले पार्सल सकाळी दारात हवे असेल, तर त्यामधील रात्र कोणीतरी जागून काढलीच पाहिजे.

बर्मिंगहॅमची मुख्य धावपट्टी लांब आणि अचूक उतरण-यंत्रणेने सज्ज होती. पण दिव्यांच्या दुरुस्तीसाठी ती पहाटे ४ ते ५ बंद होती. उरली ती आखूड १८ क्रमांकाची धावपट्टी. तिच्यावर दिशा दाखविणारा संकेत मिळे, परंतु उताराचे अचूक मार्गदर्शन मिळत नसे. उड्डाणाची आखणी करणाऱ्या कंपनीच्या अधिकाऱ्याला हे ठाऊक होते. त्याविषयी वैमानिकांशी त्याने चर्चा केली नाही. ढगांच्या तळाची उंची बदलती असल्याचा हवामान-निवेदनातील शेरा वैमानिकांपर्यंत पोहोचलाच नाही. आपण हजार फुटांवर ढगांतून बाहेर पडू, असे ते धरून चालले होते, आणि ढग त्याहून बरेच खाली होते. जमीन जवळ आल्याचा इशारा देणाऱ्या यंत्रात जुनी संगणक-आज्ञावली होती. नवी असती तर एक इशारा साडेसहा सेकंद आधी व सुमारे १५० फूट अधिक उंचीवर मिळाला असता, असे मंडळाचेच म्हणणे आहे. तेवढ्याने विमान वाचले असते की नाही, याची खात्री मंडळ देत नाही, आम्हीही देत नाही. पण मुख्य धावपट्टी तेरा मिनिटांत खुली व्हायची होती आणि कंपनीच्या घड्याळात तेरा मिनिटे थांबण्याची सोय आहे हे कोणी त्या दोघांना सुचविलेही नाही, एवढे निश्चित.

आता या प्रकरणाच्या मुळाशी जाऊ. १२ फेब्रुवारी २००९ रोजी बफेलोजवळ कोल्गन कंपनीचे प्रवासी विमान कोसळून ५० माणसे मृत्युमुखी पडली. मृतांच्या कुटुंबीयांनी वॉशिंग्टनमध्ये अक्षरशः ठाण मांडले, तेव्हा कुठे २०१० मध्ये वैमानिकांच्या कामाचे तास व विश्रांती यांचे नवे नियम करण्याचा आदेश देणारा कायदा झाला. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये संघीय विमान वाहतूक प्रशासनाने जो मसुदा काढला त्यात प्रवासी व मालवाहू असा भेद नव्हता. थकवा हा थकवाच, मागे माणसे बसली आहेत की खोकी रचली आहेत याने त्यात फरक पडत नाही, हे तेव्हा सरकारलाही मान्य होते. २०११ च्या डिसेंबरमध्ये अंतिम नियम बाहेर आले. दहा तासांची सलग विश्रांती, त्यात आठ तास झोपेची संधी, रात्रीच्या कामाला कमी तासांची मर्यादा, सारे काही होते. फक्त मालवाहू वैमानिक त्यातून कापून काढले होते. इच्छा असल्यास मालवाहू कंपन्यांनी नियम पाळावेत, एवढी उदार मुभा मात्र ठेवली होती!

कात्री कशाने चालविली? हिशेबाने. मालवाहू विमानांना हे नियम लावल्यास ३० कोटी ६० लाख डॉलर खर्च येईल, असे प्रशासनाने काढले. समोरच्या रकान्यात लाभ मांडला: एक प्राणघातक मालवाहू अपघात टळल्यास २ कोटी ३ लाख ५० हजार ते ३ कोटी २५ लाख ५० हजार डॉलर. आकडा एक नसून दोन का? कारण, विमानात किती कर्मचारी आहेत यावर लाभ अवलंबून! त्या वेळी अमेरिकी वाहतूक खाते एका मानवी जीवाची किंमत ६२ लाख डॉलर धरीत होते. प्रवासी विमानात असे जीव शेकड्याने भरता येतात, म्हणून तेथे सुरक्षितता परवडते. मालवाहू विमानात दोन, फार तर चार. तराजूचे पारडे उचलले जाण्याइतके वजन त्यांच्या मृत्यूला येत नाही. नफेखोर सरकारशाहीचा असा निर्लज्ज कबुलीजबाब तिच्या शत्रूलाही लिहिता आला नसता.

यूपीएसच्या वैमानिकांच्या संघटनेने, इंडिपेंडंट पायलट्स असोसिएशनने, लगेच न्यायालयात धाव घेतली. २०१२ मध्ये हिशेबात चुका असल्याचे प्रशासनाला मान्य करावे लागले, हिशेब नव्याने झाला, आणि उत्तर तेच आले. अपघाताच्या रात्री ध्वनिमुद्रकाने जे टिपले त्यात याच विषयावरील त्या दोघांचे बोलणे आहे: प्रवासी वैमानिकांना एक नियम आणि आपल्याला दुसरा, याला काही अर्थ नाही, सर्वांना सुरक्षिततेची एकच पातळी हवी. निद्राकक्षात गजर वाजला तेव्हा आपण किती थकलो होतो हेही सहवैमानिका सांगते. थोड्याच वेळात त्यांचे विमान कोसळले.

येथे कंपनीचे वकील एक हुकमी पान टाकतात, आणि ते टाळून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. नवे नियम मालवाहू विमानांना लागू असते, तरी या दोघांचे वेळापत्रक त्यांत बसले असते, असे ते म्हणतात. ही गोष्ट खरी आहे. पण तिने सिद्ध काय होते? नियमच अपुरा आहे हे होते. नियम नको हे होत नाही. जे वेळापत्रक कायद्यात बसूनही माणसाला पहाटे पावणेपाचला अर्धवट झोपेत जमिनीच्या दिशेने नेते, त्याची चौकशी कायद्याच्या खाली उतरून नव्हे, वर चढून करायला हवी. शिवाय हे दोघे दिवस-रात्र उलटसुलट करणाऱ्या ज्या धंद्यात वर्षानुवर्षे होते, तो एका रात्रीच्या तासांच्या बेरजेत मावत नाही.

'कायद्यात बसते' या युक्तिवादाचा इतिहास मालवाहू वैमानिकांना चांगला ठाऊक आहे. १८ ऑगस्ट १९९३ रोजी अमेरिकन इंटरनॅशनल एअरवेजचे डीसी-८ मालवाहू विमान ग्वांतानामो येथे उतरताना कोसळले. क्यूबाच्या भूमीवर क्यूबाच्या जनतेच्या इच्छेविरुद्ध अमेरिकेने ठाण मांडलेला हाच तो लष्करी तळ. धावपट्टीपासून कुंपण इतके जवळ की क्यूबाच्या हद्दीत न शिरता उतरण्यासाठी विमानाला तीव्र वळण घ्यावे लागे. कुंपणाची खूण असलेला चमकता दिवा त्या दिवशी बंद होता आणि मुख्य वैमानिक अखेरपर्यंत तो दिवाच शोधत राहिला. विमानाचा वेग घसरत असल्याचे सहकारी सांगत होते, ते त्याच्या कानांवरून गेले. तो जवळजवळ चोवीस तास जागा होता. रात्रभर उड्डाणे करून सुट्टी मिळायच्या बेतात असताना कंपनीने या तिघांना पुन्हा कामावर पाठविले होते. ते अठरा तास कामावर होते, आणि तरीही सारे कायदेशीर! परतीचे रिकामे उड्डाण तर मर्यादेत मोजलेच जाणार नव्हते. तिघेही जबर जखमी झाले, पण वाचले. सुरक्षा मंडळाने थकव्याला एका मोठ्या विमान अपघाताचे संभाव्य कारण म्हणून प्रथमच नोंदविले ते याच अपघातात. म्हणजे जो धडा सर्वांत आधी मालवाहू वैमानिकांनी रक्त सांडून शिकविला, त्याच्या लाभातून वीस वर्षांनी त्यांनाच वगळण्यात आले.

मार्क्सने 'भांडवल'च्या पहिल्या खंडात (१८६७) कामाच्या दिवसावरील प्रकरणात लंडनच्या पंचांपुढे उभ्या केलेल्या तीन रेल्वे कामगारांची हकीकत दिली आहे: एक गार्ड, एक इंजिनचालक, एक सिग्नलवाला. रेल्वे अपघातात माणसे मेली होती. कामाचा दिवस आठ तासांवरून चौदा, अठरा, वीस तासांवर कसा चढत गेला, आणि एका मर्यादेनंतर डोळे पाहीनासे व मेंदू विचार करीनासा कसा होतो, हे त्या तिघांनी सांगितले. पंचांनी त्यांना मनुष्यवधाच्या आरोपाखाली पुढे पाठविले आणि रेल्वेमालकांनी यापुढे पुरेसे श्रम विकत घेण्यात थोडा सढळ हात ठेवावा, अशी सौम्य इच्छा शेवटी जोडली. बर्मिंगहॅमच्या अहवालाशेजारी ही हकीकत ठेवून वाचावी. दोष कामगाराला, मालकाला शिफारस, वाटणी तीच.

चौकशीत कामगारांचा आवाज किती टिकतो, हेही या प्रकरणात दिसले. मंडळाच्या पद्धतीनुसार कंपनी, उत्पादक, संघटना यांना चौकशीत पक्ष म्हणून घेतले जाते. निष्कर्षांवर त्यांनी जाहीर भाष्य करायचे नसते. २०१४ च्या ऑगस्टमध्ये, अंतिम बैठकीच्या तोंडावर, असे भाष्य केल्याबद्दल यूपीएस आणि संघटना दोघांनाही चौकशीतून बाहेर काढण्यात आले. वरकरणी निःपक्षपाती न्याय! पण कंपनीचे म्हणणे प्रशासनाच्या नियमात आधीच छापलेले होते. संघटनेचे कुठेच नव्हते. २०१६ च्या मार्चमध्ये न्यायालयाने संघटनेचा अर्ज फेटाळला. सुरक्षिततेची किंमत मोजून मग ती द्यायची की नाही हे ठरविण्याचा प्रशासनाचा अधिकार कायम राहिला.

आपल्या देशातील ज्या वाचकांना हे सारे सातासमुद्रापलीकडचे वाटेल, त्यांनी २०२५ चा डिसेंबर आठवावा. नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाने २०२४ च्या जानेवारीत वैमानिकांची साप्ताहिक विश्रांती ३६ तासांवरून ४८ तासांवर नेली आणि रात्री विमान उतरविण्यावर मर्यादा घातल्या. कंपन्यांच्या विरोधामुळे अंमलबजावणी लांबली व अखेर २०२५ मध्ये दोन टप्प्यांत झाली. इंडिगोने पुरेसे वैमानिक तयार ठेवले नव्हते. हजारो उड्डाणे रद्द झाली, प्रवासी विमानतळांवर अडकले, आणि त्यांचा संताप नियमांकडे वळविण्यात भांडवली वृत्तपत्रांनी कसूर केली नाही. ५ डिसेंबरला महासंचालनालयाने या कंपनीला रात्रीच्या कामाच्या नव्या नियमांतून १० फेब्रुवारी २०२६ पर्यंत सूट दिली. येथे ६२ लाख डॉलरचा तक्ताही कोणाला मांडावा लागला नाही.