काळा उंट हरवला आहे

परवा एका रविवारी घाटकोपरला एका शाळेच्या हॉलमध्ये रॅपिड स्पर्धा होती. सबमिशनच्या फायली तशाच टाकून अंधेरीहून मेट्रो पकडली आणि गेलो. तिसऱ्या फेरीत समोर चौथीतला एक मुलगा येऊन बसला. खुर्चीवरून त्याचे पाय जमिनीला टेकत नव्हते. तिशीच्या आत चालींमध्ये त्याने मला मात दिली आणि वर सुसू करायला जाऊ का, असं पंचांना विचारलं. हॉस्टेलवर हे मी कोणाला सांगितलं नव्हतं. आता छापूनच येतंय, तेव्हा हसून घ्या.

पण लिहायचंय ते वेगळंच. बाहेर पायऱ्यांवर पालक मंडळी डबे आणि पाण्याच्या बाटल्या घेऊन बसली होती. त्या मुलाच्या वडिलांना म्हटलं, "काका, पोरगं जबरदस्त खेळतं हो!" ते खूश झाले, पण लगेच म्हणाले, "आम्ही ठरवून टाकलंय. बारा-तेरापर्यंत ग्रँडमास्टर झाला तर ठीक, नाहीतर आठवीपासून क्लास. तू इंजिनिअरिंगला ना? मग तूच सांग, बरोबर की नाही?"

मी गप्प बसलो. कारण मी स्वतः दहावीच्या सुट्टीत पट माळ्यावर टाकला, तो याच हिशेबाने.

हा हिशेब आला कुठून ते सगळ्यांना माहीत आहे. गुकेश २०१९ मध्ये साडेबारा वर्षांचा असताना ग्रँडमास्टर झाला आणि २०२४ च्या डिसेंबरात जगज्जेता. आपल्या नागपूरचा रौनक साधवानी तेराव्या वर्षी झाला. पेपरात वय मोठ्या टायपात येतं. मग घरोघरी वाटायला लागतं की ही लोकल आहे, एकदा चुकली की संपलं.

आता आपल्या मुंबईच्याच प्रवीण ठिपसेंचं उदाहरण घ्या. जन्म १९५९ चा. १९८५ मध्ये राष्ट्रकुल स्पर्धेत संयुक्त विजेते, अनेक वेळा राष्ट्रीय विजेते. ग्रँडमास्टर कधी? १९९७ मध्ये! वय अडतीसच्या घरात. आनंद (१९८८) आणि दिब्येंदू बरुआ (१९९१) यांच्यानंतरचे ते देशातले तिसरे. मग इतकी वर्षं काय त्यांना खेळता येत नव्हतं?

इथे नॉर्मची भानगड समजून घ्यायला हवी. ग्रँडमास्टर व्हायला सहसा रेटिंग किमान २५०० लागतं. शिवाय सहसा तीन नॉर्म लागतात. म्हणजे साधारण नऊ डावांच्या स्पर्धेत २६०० च्या तोडीची कामगिरी, आणि प्रतिस्पर्ध्यांत पुरेसे ग्रँडमास्टर हवेत, परदेशी खेळाडू हवेत. ज्या देशात १९८७ पर्यंत एकही ग्रँडमास्टर नव्हता, तिथे हे प्रतिस्पर्धी आणायचे कुठून? मग जा युरोपात. तिकीट, राहणं, आणि त्या काळात परकीय चलन मिळवणं म्हणजे काय दिव्य होतं ते घरातल्या मोठ्यांना विचारा. आपल्या भाषेत सांगायचं तर प्रॅक्टिकलला मशीनच नाही आणि जर्नल मात्र पूर्ण करून आणा! मॅन्युएल आरन १९६१ मध्ये भारताचे पहिले इंटरनॅशनल मास्टर झाले, नऊ वेळा राष्ट्रीय विजेते ठरले, तरी ग्रँडमास्टर कधीच झाले नाहीत. त्यांच्यात काही कमी होतं असं म्हणायची माझी तरी हिंमत नाही.

म्हणून माझं मत असं आहे की वयाचा आकडा खेळाडूबद्दल जितकं सांगतो, तितकंच त्याच्या आजूबाजूच्या सोयींबद्दलही सांगतो. आणि आज सोयी असतानासुद्धा काकांची मुदत चुकीचीच ठरते. नाशिकचा विदित गुजराथी अठराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला. काकांच्या हिशेबाने पाच वर्षं उशीर! त्याने २०२३ मध्ये ग्रँड स्विस जिंकून कँडिडेट्स गाठली आणि २०२४ मध्ये बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये सुवर्ण जिंकणाऱ्या संघात तो होता. दिव्या देशमुखची गोष्ट तर त्याहून भारी. जुलै २०२५ मध्ये बातुमीला ती महिला विश्वचषक खेळायला गेली तेव्हा तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. अंतिम फेरीत तिने कोनेरू हंपीला हरवलं आणि विजेतीला किताब थेट मिळतो म्हणून एकोणिसाव्या वर्षी भारताची ८८ वी ग्रँडमास्टर झाली.

किताब मिळाला म्हणजे आयुष्यभराची सोय झाली, असंही नाही बरं का. वरचे मोजके सोडले तर नुसत्या बक्षिसांवर घर चालत नाही. कोणी सरकारी कंपनीत नोकरी करतो, हंपी स्वतः ओएनजीसीत आहे. बरेच जण शिकवण्या घेतात. पुण्याचे अभिजित कुंटे २००० मध्ये देशातले चौथे ग्रँडमास्टर झाले. बुडापेस्टला सुवर्ण जिंकणाऱ्या महिला संघाचे ते कप्तान होते, पटावर न बसणारे. मला ही कारकीर्द फार आवडते. आणि आपल्यासारख्यांसाठी सांगतो, जगज्जेता मिखाईल बोट्विनिक शिक्षणाने विद्युत अभियंता होता! खेळत असतानाच त्याने त्यात डॉक्टरेट मिळवली. अर्थात त्याच्यामागे अख्खं सोव्हिएत सरकार उभं होतं, आपल्यामागे फक्त मेसचं बिल.

आता थोडं घरचं. मागच्या सेमिस्टरला आंतरमहाविद्यालयीन बुद्धिबळ स्पर्धेला आम्ही चौघं गेलो, त्या तीन दिवसांची हजेरी गेली. क्रिकेटच्या टीमला ती मिळते. विचारलं तर "तुम्ही बसूनच तर असता" असं उत्तर मिळालं. सर, माफ करा, पण सलग चार तास बसून एकही चूक न करणं हे आमच्यातल्या कितींना पेपरात जमतं? मी काही ग्रँडमास्टर होणार नाही, हे घाटकोपरला त्या पोराने सिद्ध केलंच आहे. मागणी एवढीच की हजेरी द्या, कॉमन रूम रात्री अकरापर्यंत उघडी ठेवा आणि दोन घड्याळं घ्या. पहिल्या वर्षाला एक मुलगी आली आहे, तिला रेटिंग आहे, आणि तिने अजून पट माळ्यावर टाकलेला नाही. निदान तिच्यासाठी तरी.

काका पुन्हा भेटले तर काय सांगायचं ते आता ठरलंय. मुलुंडला पुढच्या महिन्यात स्पर्धा आहे, ते येतीलच. नऊ वर्षांच्या पोराशी परत पडायची तयारी ठेवून मीही नाव दिलंय.

ता. क. कॉमन रूमच्या सेटमधला काळा उंट दिवाळीपासून गायब आहे. सध्या पेनाच्या टोपणावर भागवतोय, पण दुसऱ्या उंटाशी त्याची उंची जुळत नाही आणि भांडणं होतात. ज्याने किचेन म्हणून नेला असेल त्याने गुपचूप वॉचमनकाकांकडे ठेवावा. नाव विचारणार नाही.