गंगू रामसे : भीतीचा उपेक्षित छायालेखक

१/ रामसे म्हटले की आपल्याला तुलसी आणि श्याम हे दिग्दर्शक आठवतात. ज्यांच्या कॅमेऱ्याने ती भीती पडद्यावर आणली, ते गंगू रामसे ७ एप्रिल २०२४ रोजी मुंबईत निवर्तले. हिंदी भयपटाच्या इतिहासात त्यांचे स्थान दिग्दर्शकांच्या बरोबरीचे आहे, असे माझे मत आहे. त्याची कारणे या धाग्यात.

२/ वडील फत्तेचंद रामसिंघानी यांचे कराचीत रेडिओचे दुकान होते. फाळणीनंतर कुटुंब मुंबईत आले. त्यांचा 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' (१९७०) हा चित्रपट पडला. मात्र त्यात भेसूर मुखवटा घालून चोरी करणारे पृथ्वीराज कपूर पाहायला लोक येत, हे मुलांनी हेरले.

३/ सात भावांनी कामे वाटून घेतली : कुमार लेखन, तुलसी-श्याम दिग्दर्शन, केशू निर्मिती, किरण ध्वनी, अर्जुन संकलन आणि गंगू कॅमेरा. शिक्षण घरचेच. जोसेफ मॅसेली यांचे छायालेखनावरचे पुस्तक घेऊन ही मंडळी काश्मिरात हाउसबोटीवर सराव करत राहिली.

४/ 'दो गज जमीन के नीचे' (१९७२) महाबळेश्वरात, अत्यल्प खर्चात चित्रित झाला. स्टुडिओत भिंत सरकवता येते, वरून दिवे टांगता येतात. खऱ्या बंगल्यात यातले काहीच नसते. तिथे छायालेखकाला आधी ठरवावे लागते, की काय दाखवायचे नाही.

५/ 'महल' (१९४९) जोसेफ विर्शिंग यांनी, तर 'वो कौन थी' (१९६४) के. एच. कापडिया यांनी चित्रित केला. दोन्ही कृष्णधवल; तिथे सावली मुळातच सोबतीला असते. गंगूंच्या वाट्याला रंग आला, आणि रंगात रबरी मुखवटा लगेच उघडा पडतो. म्हणून निळी रात्र, खालून येणारा लाल-हिरवा उजेड आणि धूर. 'पुराना मंदिर' (१९८४) आणि 'वीराना' (१९८८) पाहताना हे ध्यानात ठेवावे.

६/ नागपूरकरांसाठी एक संदर्भ. मध्य प्रांत आणि वऱ्हाड हा प्रांत केव्हाच इतिहासजमा झाला, पण चित्रपट-व्यवसाय आपल्या विभागाला अजून 'सीपी-बेरार' म्हणतो. रामसेपटांचे अर्थकारण महानगरांतल्या प्रतिष्ठित चित्रगृहांवर नव्हे, अशाच विभागांतल्या लहान गावांच्या एकपडदा चित्रगृहांवर उभे होते. समीक्षकांनी नाक मुरडले तेव्हाही हा प्रेक्षक तिकीट काढत होता.

७/ आक्षेप रास्त आहेत : कथा पातळ, विनोद ओढूनताणून आणलेला, स्त्रीदेहाचे प्रदर्शन उघड. त्याचे समर्थन करू नये. पण कथेचा दोष प्रकाशयोजनेच्या माथी मारणे हा अन्याय आहे. तुटपुंज्या साधनांतून साधलेले कौशल्यही कौशल्यच असते.

८/ पुढच्या वेळी 'पुराना मंदिर' लावाल तेव्हा आवाज बंद करून दहा मिनिटे पाहा. सामरी किती वेळ अंधारात राहतो आणि किती थोडा दिसतो, ते मोजा. ते मोजमाप गंगू रामसे यांचे आहे. श्रेयही त्यांना मिळावे.