बाटलेली भाकरी

दिवाळीच्या दिवसांत घरात वादावादी करू नये, असा आमच्याकडचा जुना दंडक आहे. गेल्या भाऊबीजेला मी तो मोडला. आणि मोडला तो जमीनजुमल्यावरून नव्हे, राजकारणावरून नव्हे, तर एका भाकरीवरून.

बहीण, मेहुणे आणि भाचा माहेरपणाला धाराशिवला आले होते. चार दिवस करंज्या आणि शंकरपाळे खाऊन सगळ्यांच्या जिभेवर साखरेची पुटे चढली होती. संध्याकाळी सूनबाईने एक ताट आणून मध्ये ठेवले. पातळ थापून भाजलेली ज्वारीची भाकरी, तिच्यावर शेळीच्या दुधाचे घरी केलेले पांढरे चीज, थोडे तीळमिरे, भिजवलेले बेदाणे आणि वरून डाळिंबाचे दाणे. सुरीने त्रिकोणी फोडी केलेल्या. मेहुण्यांनी चष्मा सावरून ताटाकडे पाहिले आणि म्हणाले, "भाकरीसुद्धा बाटवलीत का शेवटी?" भाचा पुण्यात नोकरी करतो. तो हसून म्हणाला, "मामा, तिकडे हॉटेलात ही डिश साडेपाचशेला मिळते. पण ती खरी असते. ज्वारीची नसते."

सूनबाई काही बोलली नाही. तिने ताट उचलून आत नेले. त्या उचललेल्या ताटासाठी हा लेख आहे.

मेहुणे आणि भाचा एकमेकांच्या विरुद्ध बोलले असे वरवर दिसते. माझ्या मते दोघे एकच गोष्ट बोलले: भाकरीला स्वतःची अक्कल नाही. एकाच्या लेखी ती देव्हाऱ्यातल्या टाकासारखी जशीच्या तशी राहिली पाहिजे. दुसऱ्याच्या लेखी ती चारचौघांत आणण्याजोगी नाहीच. एक तिला सोवळ्यात कोंडतो, दुसरा तिला मागच्या दाराने बाहेर काढतो. मधल्या मध्ये उपाशी राहते ती भाकरी पिकवणारी आणि थापणारी माणसे.

आधी सोवळ्याचा समाचार घेऊ. मेहुण्यांनी त्याच दिवशी चिवड्याच्या दोन वाट्या संपवल्या होत्या. त्या चिवड्यातला शेंगदाणा आणि मिरची या दोन्ही वस्तू मूळच्या अमेरिका खंडातल्या. कोलंबस तिकडे पोहोचल्यानंतरच त्यांना समुद्र ओलांडून आपल्याकडे येता आले. उपासाच्या बटाट्याचेही गोत्र तेच. शेंगदाण्याने चिवडा बाटला नाही, मिरचीने ठेचा बाटला नाही, बटाट्याने एकादशी बाटली नाही; मग दूध फाडून भाकरीवर पसरले म्हणून भाकरी कशी बाटते?

"दूध नासवणे अशुभ," असे यावर उत्तर येते. घरात दूध नासले की आपल्याकडे चुकचुकतात, हे खरे. पण नासणे वेगळे आणि जाणूनबुजून फाडणे वेगळे. आपल्या उमरग्यापासून फार दूर नसलेले कल्याणी, म्हणजे आजचे बसवकल्याण, ही चालुक्यांची राजधानी होती. तिथला राजा तिसरा सोमेश्वर याने ११३०च्या सुमारास 'मानसोल्लास' हा संस्कृत ग्रंथ रचला. त्यात राजाच्या भोजनाचे वर्णन करताना तापलेल्या दुधात आंबट घालून ते फाडावे, चोथा फडक्यात बांधून पाणी काढावे, त्यात तांदळाचे पीठ मळून तुपात तळावे आणि साखरेत घालावे, असा प्रकार दिला आहे. त्याचे नावच 'क्षीरप्रकार'. म्हणजे नऊशे वर्षांपूर्वी या मुलखाच्या राजाच्या ताटात फाडलेले दूध सन्मानाने वाढले जात होते. ते सोवळे कोणत्या तिथीला मोडले, ते मेहुण्यांनी मला सांगावे.

आता भाच्याकडे वळतो. त्याची 'खरी' डिश कुठली? इटलीची, असे तो म्हणाला. ठीक आहे, इटलीलाच जाऊ. पाँपेई हे नगर इसवी सन ७९मध्ये व्हेसुव्हियस ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले. तिथे एका बेकरीला लागून असलेल्या घरात सापडलेले भिंतीवरचे चित्र जून २०२३मध्ये जगापुढे आले. चित्रात चांदीच्या तबकात मद्याचा चषक आणि शेजारी एक गोल, चपटी भाकरी आहे, भाकरीवर फळे. अभ्यासकांना त्यात डाळिंब दिसले, बहुधा खजूरही. आणि वर मसाला किंवा लसूण, पाला व चीज वाटून केलेली 'मोरेटम' नावाची रोमन चटणी असावी, असा त्यांचा अंदाज आहे. वर्तमानपत्रांनी त्याला पिझ्झाचा पूर्वज ठरवून टाकले. पण टोमॅटो तेव्हा युरोपात नव्हताच, तोही अमेरिकेचा. भाकरी, चीज आणि डाळिंब: पाँपेईच्या भिंतीवर जे होते असे म्हणतात, ते सूनबाईच्या ताटात होते. साडेपाचशे रुपये न देता.

आणि याच पाँपेईशी आमच्या जिल्ह्याची ओळख जुनी आहे. तेरणेच्या काठचे आमचे तेर, म्हणजे गोरोबाकाकांचे तेर, हेच प्राचीन 'तगर'. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक व्यापाऱ्याने लिहिलेल्या 'पेरिप्लस' या प्रवासवर्णनात पैठणच्या पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर असल्याचे आणि तिथला माल गाड्यांतून भडोचच्या बंदराकडे जात असल्याचे नमूद आहे. पाँपेईत १९३८ साली हस्तिदंताची एक भारतीय स्त्रीमूर्ती सापडली; तिच्याशी जवळचे साम्य असलेली हस्तिदंती मूर्ती तेरला मिळाली आहे. मी असे म्हणत नाही की तेरची भाकरी पाँपेईला गेली. पुराव्यावाचून बोलण्याची मला सवय नाही. पण ज्या गावचा माल दोन हजार वर्षांपूर्वी समुद्रापार जात होता, त्या गावच्या जिल्ह्यातल्या पोराने ज्वारीची लाज बाळगावी, याचे मला वाईट वाटते.

इथवर वाचून कोणी म्हणेल, एका ताटासाठी केवढा हा आटापिटा! पण प्रश्न ताटाचा नाही, त्या ताटामागच्या शेतीचा आहे.

आमच्या जिल्ह्याचे नाव आता धाराशिव झाले असले, तरी शेळीने जुने नाव सोडलेले नाही. 'उस्मानाबादी' ही शेळीची जात देशभर ओळखली जाते. बहुतेक काळी, काटक, दुष्काळात बाभळीच्या शेंगांवर तग धरणारी आणि बऱ्याचदा जुळी देणारी. ती पाळतात कोण? ज्यांच्याकडे गायीम्हशीच्या वैरणीइतकी जमीन नाही असे लोक, आणि त्यांतही घरातल्या बाया. पण आपल्या हिशेबात शेळी म्हणजे बोकड आणि बोकड म्हणजे मटण. तिच्या अर्ध्यापाऊण लिटर दुधाला गावात गिऱ्हाईक नाही. पिलांचे भागून जे उरते ते चहात जाते. पिलांच्या तोंडचे काढावे असे मी म्हणत नाही. पिले चाऱ्याला लागल्यावर जे उरते त्याचे काय, एवढाच माझा सवाल आहे. तेवढ्याच दुधाचे चीज परदेशांतून डब्यांत भरून येते आणि शहरांतल्या काचेच्या कपाटांत सोन्याच्या भावाने विकले जाते.

हे अशक्य आहे असे भूमकडच्या माणसाने तरी म्हणू नये. पाच लिटर म्हशीचे दूध आटवावे तेव्हा किलोभर खवा होतो. त्या खव्याच्या भट्ट्यांनी भूम तालुक्यातली कितीतरी घरे उभी केली, आणि कुंथलगिरीच्या खव्याला आता भौगोलिक मानांकनही मिळाले आहे. दूध विकले तर लिटरचे पैसे, घट्ट केले तर नावाचे पैसे, हा धडा जिल्ह्याने म्हशीच्या बाबतीत गिरवला. शेळीच्या बाबतीत पाटी कोरीच आहे.

ज्वारीची कथा अशीच. खरिपाच्या रानातून सोयाबीनने तिला हुसकले. संयुक्त राष्ट्रसंघाने २०२३ हे भरडधान्यांचे वर्ष म्हणून पाळले, तेव्हा शहरांतल्या लोकांना ज्वारी एकाएकी आरोग्यदायी वाटू लागली. आमच्या आज्या ती आरोग्यासाठी खात नव्हत्या. पिकत होती म्हणून खात होत्या, आणि चव होती म्हणून दुसऱ्यांदा मागून घेत होत्या.

आता कृती सांगतो, कारण नुसत्या भाषणाने पोट भरत नाही. शेळीचे दोन लिटर ताजे दूध उकळी येण्याच्या बेतात उतरवावे, लिंबाचा रस थोडा थोडा घालत फाडावे आणि फडक्यात गाळावे. वासराच्या जठरातले विरजण नको, की डबा नको. शाकाहारी घरांनी निर्धास्त राहावे. शेळीच्या दुधाचा चोथा मऊ असतो, म्हणून तो धुऊन अर्धा तास हलक्या वजनाखाली ठेवावा, पिळू नये. मग मीठ, जाड कुटलेले मिरे आणि भाजलेले तीळ मिसळावेत. गाळलेली निवळी फेकू नये. ती उकळून तीतच दोन वाट्या ज्वारीचे पीठ आणि एक वाटी कणीक भिजवावी. ज्वारीला चिकटपणा नसतो. उकळत्या पाण्याने आणि कणकेने ती सांधली जाते. धपाट्यासारखे ओल्या फडक्यावर थापून तव्यावर दोन्ही बाजूंनी अर्धवट भाजावे, वर चीज आणि बेदाणे पसरून आठदहा मिनिटे ओव्हनमध्ये ठेवावे. ओव्हन नसेल तर जाड तव्यावर झाकण ठेवून झाकणावर निखारे ठेवावेत. डाळिंब मात्र उतरवल्यावरच घालावे.

हॉटेलवाले यावर ताजी द्राक्षे घालतात. दिवाळीत आपल्या बागांत द्राक्षे कुठली? तेव्हा तर ऑक्टोबरची छाटणी नुकतीच उरकलेली असते. घड हाती येतात ते जानेवारीनंतर. दिवाळीत खावे ते डाळिंब, आणि द्राक्ष हवेच तर बेदाण्याच्या रूपाने. सीताफळ घालण्याचा मोह होईल, तो आवरावा. तापले की त्याचा गर कडवटतो. नक्कल करणारा पानावरची चित्रे पाहतो, स्वयंपाक करणारा ऋतू पाहतो. सूनबाईने ऋतू पाहिला होता.

त्या रात्री मी वाद घातला तो हाच. मेहुणे थोडा वेळ घुश्शात बसले. मग बहीण उठली, आत जाऊन ते ताट घेऊन आली आणि एक फोड स्वतःच्या तोंडात टाकत म्हणाली, "गार झाली. ज्वारीचं असंच असतं, वेळेवर खाल्ली तर." भाच्याने दोन खाल्ल्या. मेहुण्यांनी एकच घेतली, तीही डाळिंब वेचून, पण दुसऱ्या दिवशी निघताना त्यांनी सूनबाईला विचारले, "शेळीचं दूध आणता कुणाकडनं?"

वाचकहो, या दिवाळीत तुमच्या घरी एक ताट असे होऊ द्या. आवडले नाही तर मला खुशाल शिव्या द्या. पण ज्या मावशींकडून दूध आणाल, त्यांचे पैसे मात्र त्याच दिवशी चुकते करा.